जायफळाची कॉफी नीट कशी करावी

बहुतेक मराठी घरांत कॉफी बिघडते ती एकाच कारणाने: ती चहासारखी केली जाते. पातेल्यात दूध-पाणी, त्यात साखर, त्यात कॉफीची पूड, वर जायफळ-वेलची, आणि सगळं एकत्र खदखदा उकळायचं. चहाची पत्ती हे सहन करते. आपल्या चहाला तर ते लागतंच. कॉफीला चालत नाही. पाच मिनिटं खदखदलेली कॉफी कडवट होते, वास स्वयंपाकघरभर पसरतो आणि कपात उरतो तो नुसता रंग. मग कडूपणा झाकायला साखर वाढते, साखर झाकायला जायफळ वाढतं, आणि शेवटी घरातली मंडळी म्हणतात, "आपल्याला बुवा चहाच बरा."

मी ही कॉफी आजीकडून शिकले. तिच्याकडे फिल्टर नव्हता. कल्हईचं पितळी पातेलं, धुऊन धुऊन मऊ पडलेलं मलमलीचं फडकं आणि गंध उगाळायची सोडून वेगळी ठेवलेली छोटी सहाण, एवढंच तिचं सामान. कॉफी रोजची नव्हतीच. पाहुणे आले, हरतालिकेचं जागरण असलं, कोजागिरीला कुणी मसाला दूध नको म्हणालं, की कॉफी. तिची पद्धत तीन वाक्यांत मावते. कॉफी पाण्यात उतरवायची. दूध वेगळं तापवायचं. जायफळ पातेलं खाली उतरल्यावर. खाली जे लिहिलंय ते या तीन वाक्यांची कारणं आणि मापं.

पूड कोणती घ्यावी

दुकानातल्या फळीवर दोन वेगळ्या वस्तू शेजारी शेजारी ठेवलेल्या असतात आणि दोघींचं नाव कॉफीच असतं. बरणीतली इन्स्टंट कॉफी म्हणजे आधीच काढून वाळवलेला अर्क. ती पाण्यात विरघळते, गाळ उरत नाही. दुसरी म्हणजे भाजलेल्या बियांची दळलेली पूड. ती विरघळत नाही, गाळावी लागते. पाकिटावर ‘फिल्टर कॉफी’ लिहिलेलं असतं. पहिल्यांदा घेणारे फिल्टर कॉफीची पूड थेट गरम दुधात ढवळतात आणि तळाशी चिखल बसला म्हणून पाकीट फेकून देतात. पाकिटाचा काही दोष नसतो.

जायफळाच्या कॉफीला दळलेली पूडच हवी. इन्स्टंटचीही करता येते, ती पुढे सांगते, पण दोन्हींत फरक आहे.

या पुडीत बहुतेक वेळा चिकरी मिसळलेली असते. चिकरी म्हणजे कासनीचं मूळ, भाजून दळलेलं. तिच्यात कॅफीन नसतं. ती रंग देते, दाटपणा देते, आणि साखर जाळल्यावर येतो तसा गोडसर कडवटपणा देते. आपल्याकडच्या नियमानुसार कॉफी-चिकरीच्या मिश्रणात निदान ५१ टक्के कॉफी असावीच लागते आणि पाकिटावर प्रमाण छापलेलं असतं. ते वाचा. ५३:४७ असं काही दिसलं तर तुम्ही जवळजवळ अर्धी कासनी विकत घेताय हे ध्यानात ठेवा. चिकरीला नाकं मुरडणारे लोक मला फारसे पटत नाहीत. दूध आणि मसाला असलेल्या कॉफीत थोडी चिकरी हवीच, नाहीतर चव दुधाखाली दबून जाते. माझं प्रमाण ८० टक्के कॉफी, २० टक्के चिकरी. ज्यांना गडद, भरीव चव आवडते त्यांनी ७०:३० घ्यावं. त्यापुढे गेलात तर जायफळाची आणि चिकरीची मारामारी सुरू होते.

मुंबईकरांची सोय मोठी आहे. माटुंग्याला बिया समोर दळून देणारी दुकानं आहेत. तिथे "पीबेरी की प्लँटेशन?" असं विचारतात तेव्हा गांगरून जायचं कारण नाही. कॉफीच्या फळात सहसा दोन चपट्या बिया असतात. एखाद्या फळात एकच गोल बी धरते, ती पीबेरी. प्लँटेशन म्हणजे फळाचा गर धुऊन काढून वाळवलेल्या, अरेबिका जातीच्या बिया. आपल्या कामाला प्लँटेशनमध्ये थोडी रोबस्टा मिसळून घ्यावी. रोबस्टा ही कॉफीची दुसरी जात, कडक आणि जरा रांगडी असते, दुधात तिचा आवाज ऐकू येतो. पीबेरी महाग पडते आणि तिचं नाजूकपण जायफळासमोर वाया जातं. भाजणं मध्यम ते गडद, दळण रव्यापेक्षा बारीक पण पिठीसाखरेसारखं नाही.

शंभर-दोनशे ग्रॅमच घ्या. पाकीट फोडल्यावर पंधरा दिवसांत पूड मंदावते. ती घट्ट झाकणाच्या स्टीलच्या डब्यात, ओट्यापासून लांब ठेवायची. फ्रिजमध्ये नको: डबा आत-बाहेर केला की पुडीवर दमटपणा धरतो आणि फ्रिजातल्या भाजीचा, लसणीचा वासही ती ओढून घेते.

परदेशात राहणाऱ्यांनी पाकिटं बॅगेत भरून नेण्याआधी अमेरिकेतल्या दुकानात एकदा बघावं. न्यू ऑर्लिन्स शहरात कॉफीत चिकरी घालायची जुनी रीत आहे आणि तिथल्या चिकरीवाल्या कॉफीचे डबे त्या देशात सहज मिळतात. दुधात ती आपल्या कॉफीच्या पुष्कळ जवळ जाते.

बाकी ही कॉफी आपल्याकडे परकी मानायची तर सूफी संत बाबा बुदन यांच्यापासून सुरुवात करावी लागेल. सतराव्या शतकात त्यांनी हजहून परतताना येमेनमधून सात बिया लपवून आणल्या आणि कर्नाटकातल्या चिकमगळूरच्या डोंगरात लावल्या, अशी कथा आहे. त्या डोंगरांना आजही बाबाबुदनगिरी म्हणतात. आपल्या राज्यातही अमरावती जिल्ह्यात चिखलदऱ्याला कॉफीची झाडं आहेत. आणि बटरमुळे घराघरांत पोचलेल्या पॉलसन कंपनीची सुरुवात मुंबईत १८८८ साली झाली ती कॉफी दळून विकण्यापासून.

जायफळ आणि वेलची

जायफळाची तयार पूड आणू नका. या लेखातलं बाकी काहीही ऐकलं नाही तरी चालेल, एवढं ऐका. जायफळाचा वास म्हणजे त्यातलं उडून जाणारं तेल. किसल्यावर ते टिकत नाही. सहा महिने डबीत पडलेली पूड म्हणजे लाकडाचा भुसा.

अख्खं जायफळ घेताना हातात तोलून पाहा. जड, टणक, एकही भोक नसलेलं घ्या. हलकं लागलं तर आतून किडलेलं असतं. घरी असलेलं जायफळ जिवंत आहे का हे बघायचं असेल तर सुई टोचा. चांगल्या जायफळात सुईच्या तोंडाशी तेलाचा ओलावा दिसतो. कोकणात नारळी-पोफळीच्या बागांत जायफळ आंतरपीक म्हणून घेतात, आणि दापोलीच्या कृषी विद्यापीठाने ‘कोकण सुगंधा’, ‘कोकण स्वाद’ अशा जाती काढल्या आहेत. कुणी तिकडून येत असेल तर बागेतलीच मागवा. सोबत जायपत्री मिळाली तर ती बिर्याणीसाठी ठेवा. कॉफीत मी घालून पाहिली, ती तिखटपणाकडे झुकते.

किती घालायचं? सहाणेवर दुधाचे चार थेंब टाकून जायफळाचे तीन-चार वेढे, एवढं दोन कपांना पुरतं. सहाण नसेल तर सगळ्यात बारीक किसणीवर दर कपाला दोन-तीन हलके हात. नाकाला आधी कळावं आणि जिभेला नंतर, इतपतच. वास आधी कॉफीचा यायला हवा. जायफळ जास्त झालं की कॉफीला औषधी वास मारतो, घसा कोरडा पडतो, डोकं जड होतं. मोठ्या प्रमाणात, म्हणजे अख्ख्या जायफळाची पूड पोटात गेली तर धडधड, भोवळ, भ्रम होण्यापर्यंत मजल जाते. कपातल्या चिमटीने काही होत नाही, पण "अजून थोडं घालूया, छान लागतं" हा मोह आवरावा.

जायफळाने झोप येते आणि कॉफीने उडते, मग दोन्ही एकत्र का, असं माझ्या भाच्याने एकदा विचारलं होतं. आजीचं उत्तर तयार होतं: "जागरण करायचंय ते कॉफीवर, आणि मग झोपायचंय ते जायफळावर." खरं सांगायचं तर कॅफीनपुढे त्या चिमटीचं काही चालत नाही. कॅफीन निम्मं उतरायलाच शरीराला साधारण पाच तास लागतात. रात्री दहाला घेतलेल्या कॉफीने झोप गेली तर जायफळाला बोल लावू नये.

वेलची हिरवी, बोटांनी दाबल्यावर आत काळे चिकट दाणे असलेली. तिचे दोन उपयोग करायचे: सालं पाण्यात, दाणे शेवटी. चार कपांना चार वेलच्या. दाणे खलबत्त्यात चिमूटभर साखरेबरोबर कुटले की बारीक होतात, नुसते कुटले तर उड्या मारतात.

दूध

म्हशीचं असेल तर उत्तमच. पिशवीचं घेत असाल तर फुल क्रीम, ज्यात ६ टक्के स्निग्धांश असतो. ३ टक्क्यांच्या टोन्ड दुधाची कॉफी होते, पण पाणचट; ते दूध आधी सात-आठ मिनिटं मंद आचेवर आटवून घ्यावं. गाईच्या दुधाची कॉफी जरा पातळ आणि गोडसर होते, ती मला सकाळी आवडते, जेवणानंतर नाही.

दूध ताजं हवं. हे सांगायचं कारण असं की कॉफी स्वतः थोडी आंबट असते. चहात निभावून गेलेलं कालचं दूध कॉफीत फाटतं. शंका असेल तर चमचाभर दूध वाटीत घेऊन त्यावर कॉफीचा कडक अर्क ओता. कण दिसले तर त्या दुधाचं पनीर करा.

चार कपांची कृती, फिल्टरशिवाय

माप आधी सांगते. भाजून दळलेली पूड २५ ग्रॅम, म्हणजे पोह्याच्या चमच्याने चार भरलेले चमचे. दर कपाला एक. पाणी २०० मिलिलिटर. दूध ४५० मिलिलिटर. साखर सहा लहान चमचे, पण हे तुमच्या घरावर सोडते. वेलच्या चार. जायफळ वर सांगितलं तेवढं. पूड स्वतःच बरंच पाणी पिऊन टाकते, त्यामुळे २०० मिलिलिटर पाण्यातून दीडशेच्या आसपास अर्क हाती येतो.

पाणी लहान पातेल्यात वेलचीच्या सालांसकट उकळायला ठेवा. उकळी आली की दोन मिनिटं सालं उकळू द्या, मग गॅस बंद करा. आता थांबा. उकळी मोडून पाणी शांत व्हायला अर्धा मिनिट लागतो, तेवढं जाऊ द्या आणि मग पूड घाला. खदखदत्या पाण्यात पूड टाकली की कडूपणा लगेच निघतो. चमच्याने एकदाच, पूड ओली होईल इतपत ढवळा आणि झाकण ठेवा. पाच मिनिटं. या पाच मिनिटांत पातेल्याला हात लावायचा नाही, झाकण उघडून वास घ्यायचा नाही, खाली गॅस तर मुळीच लावायचा नाही. पूड वर तरंगते, मग हळूहळू तळाशी बसते.

तेवढ्यात दुसऱ्या पातेल्यात दूध. पातेलं आधी गार पाण्याने विसळून घ्या म्हणजे दूध तळाला कमी लागतं. साखर इथेच घाला. एक उकळी आली की आच बारीक करून पाच मिनिटं ढवळत राहा. याने दूध थोडं दाट होतं आणि शिजलेल्या दुधाचा तो खव्याच्या वाटेवरचा गोड वास येतो. साय धरू देऊ नका. धरलीच तर रवीने दोन-चार फेऱ्या द्या, ती मोडते.

आता गाळणं. चहाच्या गाळणीने कॉफीचा बारीक गाळ खाली जातोच. गाळणीवर मलमलीचं ओलं फडकं पसरा आणि अर्क वरूनच, गाळ न हलवता, हळू ओता. शेवटचा चिखल फडक्यात येईल; तो पिळू नका. पिळण्याचा मोह फार होतो, इतकी महागाची पूड, पण त्या शेवटच्या दोन चमच्यांतच सगळा तुरटपणा असतो. फडकं कॉफीसाठी वेगळंच ठेवावं आणि साबणाने धुऊ नये, गरम पाण्याने धुवावं. साबणाचा वास कॉफीत हमखास उतरतो.

दुधाखालचा गॅस बंद करा. मग दुधात अर्क ओता. उलट नाही, आणि एकत्र झाल्यावर उकळी नाही. गार वाटली तर मंद आचेवर, कडेला बुडबुडे दिसेपर्यंतच तापवा. आता वेलचीचे कुटलेले दाणे, आता जायफळ. सहाणेवर उगाळलेलं असेल तर चमचाभर कॉफीने सहाण धुऊन तेही पातेल्यात घाला. झाकण ठेवा आणि एक मिनिट थांबा. गॅसवर असताना जायफळ घातलं असतं तर वास वाफेबरोबर गेला असता. झाकणाखाली तो दुधाच्या स्निग्धांशात मुरतो. या एका मिनिटाने जो फरक पडतो तो दुप्पट जायफळ घालूनही पडत नाही.

मग फेस. दोन उभी भांडी घ्या, हातभर उंचीवरून चार-पाच वेळा या भांड्यातून त्या भांड्यात ओता. कॉफी पिण्याइतपत निवते, सगळं एकजीव होतं आणि वर फेस येतो. पहिल्यांदा मोरीत किंवा सिंकजवळ उभं राहून करा. मी ओटा पुसत बसलेय पुष्कळ वेळा.

फिल्टर असेल तर

दाक्षिणात्य फिल्टर म्हणजे एकावर एक बसणारी दोन भांडी, वरच्याच्या बुडाला बारीक भोकं, आत दांड्याची चकती, वर झाकण. वरच्या भांड्यात तीच २५ ग्रॅम पूड घाला आणि चकतीने अलगद सारखी करा. दाबून बसवली तर पाणी उतरतच नाही, आणि चिकरी जास्त असेल तर आणखीच अडतं, कारण ती पाणी पिऊन फुगते. चकती आतच राहू द्या. तिच्यावर आधी दोन चमचे गरम पाणी, अर्धा मिनिट थांबायचं, पूड फुलू द्यायची, मग बाकीचं पाणी गोल गोल ओतून झाकण. पंधरा-वीस मिनिटांत अर्क थेंबथेंब खाली उतरतो.

हा अर्क फडक्याच्या अर्कापेक्षा दाट आणि स्वच्छ असतो, म्हणून पाणी १५० मिलिलिटर पुरतं आणि एक भाग अर्काला तीन ते साडेतीन भाग दूध चालतं. फिल्टरच्या पाण्यात वेलचीची सालं घालत बसू नका, ती दुधात उकळा. त्याच पुडीवर पुन्हा गरम पाणी ओतून दुसरा अर्क काढता येतो, तो फिका असतो. पहिल्यात थोडा मिसळावा, एकटा वापरू नये. अर्क बंद बाटलीत फ्रिजमध्ये दुसऱ्या दिवसापर्यंत नीट राहतो. सकाळी घाई असणाऱ्यांनी रात्रीच फिल्टर लावून ठेवावा.

भोकं बुजली तर वरचं भांडं रिकामं करून वाळवा आणि बुडाकडून गॅसच्या ज्योतीवर मिनिटभर धरा, सांडशीने. अडकलेली पूड जळून जाते, मग ब्रशने झटकायची.

बरणीतली कॉफी

इन्स्टंटला उकळण्याचा प्रश्नच नाही, तिला फेटायचं असतं. कपात एक लहान चमचा कॉफी, दीड चमचा साखर, पाऊण चमचा पाणी. पाणी खरंच एवढंच. चमच्याने कपाच्या कडेला घासत फेटत राहा. आधी काळी, मग तपकिरी, मग बिस्किटाच्या रंगाची होते आणि चमच्यावरून सहज पडत नाही. तीन-चार मिनिटं लागतात, हात दुखतो. घरात रिकामी बसलेली शाळकरी मुलं या कामाला फार उपयोगी. वेलचीचे दाणे दुधात उकळा, ते दूध उंचावरून फेटलेल्या कॉफीवर ओता आणि फेसावर जायफळ किसा. लग्नाच्या हॉलमध्ये यंत्रातून फुसफुसत येणाऱ्या, वर चॉकलेट पावडर भुरभुरलेल्या ‘एस्प्रेसो’ची चव ज्यांच्या जिभेवर आहे त्यांना हीच आवडते. खऱ्या एस्प्रेसोशी तिचं नातं फक्त नावाचं.

सुंठ, आलं, गूळ

पावसाळ्यात जायफळाऐवजी सुंठ घालते. चार कपांना पाव चमचा सुंठपूड, पाण्यात, वेलचीच्या सालांबरोबर. ओलं आलं घालायचं तर तेही पाण्यातच उकळा, दुधात किसून टाकू नका. ताज्या आल्यात दुधाची प्रथिनं तोडणारा घटक असतो, कोमट दुधात तो दूध फाडतो. उकळीने निष्प्रभ होतो. तरी माझ्या मते ओलं आलं चहाचं आहे, ते तिथेच शोभतं.

गूळ घालणाऱ्यांची हल्ली मोठी तक्रार असते की कॉफी फाटली. गूळ दुधात उकळला की हे व्हायचंच, तो थोडा आम्लधर्मी असतो. गूळ किसून कपात ठेवा आणि तयार कॉफी दोन मिनिटं निवल्यावर त्यावर ओता. किंवा गुळाशी भांडण नसलेली कॉफी करा: तमिळनाडूत ‘सुक्कु कापी’ करतात, सुंठ, धणे, मिरे आणि ताडगूळ पाण्यात उकळून, बहुधा दुधाशिवाय. सर्दी झालेल्या माणसाला ती द्या. तिच्यात काही जण कॉफीची पूड घालतात, काही नाहीच घालत.

दालचिनी अर्धा इंच चालते. लवंग एक, त्याहून जास्त नको, ती दातदुखीची आठवण करून देते. केशर घालायचं तर कॉफी कशाला, दूधच प्यावं.

वीस माणसांची

कोजागिरीला गच्चीवर वीस जणांसाठी करताना मी एकदा सरळ पाचपट केलं. पूड पाचपट, दूध पाचपट, जायफळही पाचपट. कॉफी कुणी संपवली नाही. मोठ्या पातेल्यात मसाला हिशेबाने वाढवायचा नसतो: दूध निवायला वेळ लागतो, तेवढा वेळ जायफळ मुरत राहतं. वीस कपांना तिप्पटच जायफळ घ्या, चव बघा, लागलं तर कपावर किसा. वेलची मात्र चौपट चालते.

अर्क दुपारीच काढून बाटलीत भरून ठेवा. सव्वादोन लिटर दूध संध्याकाळी साखर घालून तापवून ठेवायचं, ऐनवेळी पुन्हा एक उकळी आणून, उतरवून, त्यात अर्क. सगळी कॉफी एकदम तयार करून शेगडीवर तासभर ठेवली की तिची पुन्हा चहासारखी गत होते. दोन खेपांत करा. थर्मासमध्ये भरायची असेल तर आधी उकळत्या पाण्याने थर्मास तापवून घ्या आणि जायफळ थर्मासमध्ये घालूच नका. बुचाला वास बसतो आणि पुढचे चार महिने त्यातलं पाणीसुद्धा जायफळाचं लागतं.

कॉफी उरली तर पुन्हा उकळू नका. गाळून फ्रिजमध्ये ठेवा आणि दुसऱ्या दिवशी दुपारी गारच प्या, बर्फ न घालता. फडक्यातला चोथा पूर्ण वाळवून कुंडीतल्या मातीत थोडा थोडा मिसळा; ओला ढीग टाकलात तर बुरशी धरते. आणि अर्धं झिजलेलं जायफळ कागदात गुंडाळून मसाल्याच्या डब्यात परत ठेवा, कॉफीच्या डब्यात नको. पूड त्याचा वास दोन दिवसांत ओढून घेते, आणि सकाळी साधी कॉफी मागणारा माणूस घरात एक तरी असतोच.